मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात एक दिवस, आणि मचूळ पाणी

खारेपाटकरीण

नमस्कार. मार्चअखेरीस आईला घेऊन व्हिएतनामला जाऊन आले. हनोई, हा लाँग बे, दा नांग यांवर इथे भरपूर लिहून झालंय, ते पुन्हा लिहीत नाही. मला एकाच दिवसाबद्दल लिहायचंय. सायगावहून (हो ची मिन्ह सिटीला तिथले लोक बोलताना अजून सायगावच म्हणतात) मेकाँग नदीच्या मुखाकडे एक दिवसाची सहल नेतात, त्या दिवसाबद्दल. बरेच जण ती 'वेळ उरला तर करू' म्हणून शेवटी ढकलतात. आम्हीही ढकलली होती. परत आल्यापासून आई मात्र फक्त त्याच दिवसाबद्दल बोलतेय.

आई ७१ वर्षांची. माहेर पेण तालुक्यातल्या खारेपाटातलं (खाडीकाठची, बांध घालून राखलेली खारी जमीन), लग्न झाल्यापासून मुलुंड. हे आधी सांगते, कारण त्या दिवशी मी जे पाहिलं ते निम्म्याहून जास्त तिने दाखवलेलं आहे.

सकाळी आठची बस. मी थो हे नदीकाठचं शहर सत्तरेक किलोमीटरवर आहे. शहराची गर्दी मागे पडली की दोन्ही बाजूंना भातशेती लागते, आणि त्या शेतांत अधूनमधून कबरी दिसतात, रंग दिलेल्या, फरशा लावलेल्या. माणूस ज्या जमिनीत राबला तिथेच त्याला ठेवायची पद्धत. आई बराच वेळ खिडकीला डोकं टेकून बघत होती. म्हणाली, "पेरायला उतरलं की आधी आजोबांना भेटायचं."

आमची गाइड तिशीतली, बेन त्रेची. बसमध्ये तिने सगळ्यांना आधी वय विचारलं. व्हिएतनामी भाषेत 'तू' आणि 'तुम्ही' यांच्या जागी बहुतेकदा नातीच येतात: धाकटं भावंड, ताई, दादा, काकू, आजी. वय कळल्याशिवाय हाक कशी मारायची? मी ताई झाले, आई आजी झाली. दक्षिणेकडे आणखी एक रीत आहे: घरातल्या थोरल्या मुलाला 'दोन नंबर' म्हणतात, पहिला आकडा वापरतच नाहीत.

मी थोला नदी पाहिली आणि मी गप्पच झाले. तिबेटच्या पठारावरून निघालेली मेकाँग चीन, म्यानमार, लाओस, थायलंड, कंबोडिया असे देश ओलांडून इथे येते आणि फाटे फोडत समुद्राला मिळते. व्हिएतनामी लोक या फाट्यांना मिळून 'कुऊ लाँग' म्हणतात, म्हणजे नऊ ड्रॅगन. मी थोसमोरचा फाटा तिएन. पलीकडचा काठ नारळीच्या एका बारीक रेघेएवढा. पाणी दुधाच्या चहासारखं, गाळाने भरलेलं. समोर चार बेटं: ड्रॅगन, युनिकॉर्न, कासव आणि फिनिक्स. पूर्वेकडच्या पुराणांतले हे चार पवित्र प्राणी.

इंजिनाच्या होडीने युनिकॉर्न बेटावर, म्हणजे थोई सॉनला उतरलो. मधमाश्यांच्या पेट्या, मध घातलेला आणि छोटं आंबट लिंबू पिळलेला चहा, मग फळं: रामफळाएवढा ड्रॅगनफ्रूटचा तुकडा, लाँगन, पपनस, अननस, सोबत मिरची घातलेलं मीठ. हे सगळीकडे असतं, यावर जास्त लिहीत नाही.

गाण्यावर मात्र लिहायलाच हवं. 'दॉन का ताई तू' हा दक्षिण व्हिएतनामचा गाण्याचा प्रकार. 'ताई तू' म्हणजे हौसेने, जीव लावून करणारा. शेतातलं काम झालं की अंगणात, होडीवर, लग्नाला किंवा श्राद्धाला बसून गायचं. युनेस्कोने २०१३ साली तो मानवतेच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतला. चंद्रासारखी गोल वीणा, सोळा तारांचं आडवं वाद्य, दोन तारांची सारंगी आणि चक्क गिटार. पण गिटारच्या पट्ट्यांमधलं लाकूड खोल कोरून काढलेलं. मी विचारलं तेव्हा वादकाने तार त्या खोबणीत दाबून दाखवली आणि सूर वर सरकला. मींड! सरळ पट्टीच्या गिटारीवर त्यांना ती हवी तशी मिळत नव्हती, म्हणून त्यांनी वाद्यच कोरलं. आपल्याकडे हार्मोनियमवरून मींड निघत नाही म्हणून किती वाद झाले ते आठवलं. एक बाई गायल्या, पायाने लाकडाचं छोटं वाद्य टक्कन वाजवून त्या समेवर येत होत्या. शब्द एकही कळला नाही. तरी नवरा दूर आहे आणि बाई वाट बघतेय, एवढं आईला आणि मला दोघींना कळलं. नंतर गाइडने अर्थ सांगितला, तो तोच होता.

मग वल्हवायच्या अरुंद होड्या. दोन्ही बाजूंनी चिखलातून उठलेल्या निपा पामच्या झावळ्या डोक्यावर मिटलेल्या, खाली हिरवा उजेड. होडी वल्हवणाऱ्या मावशी आईच्याच वयाच्या असाव्यात. शंकूच्या आकाराची टोपी, गळ्यात काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचा पंचा. आम्ही उतरताना आईने त्यांचे हात हातात घेऊन बघितले. तळव्याला घट्टे. दोघी काही बोलल्या नाहीत.

बेन त्रेच्या बाजूला नारळाच्या वड्यांचा कारखाना, म्हणजे एक मोठी पडवीच. खोबऱ्याचं दूध पिळायचं, त्यात साखर आणि भातापासून केलेला माल्टचा पाक घालून मोठ्या कढईत आटवायचं, चिकट गोळा लाकडी साच्यात लांब पट्ट्यांसारखा पसरायचा, कापायचा आणि तांदळाच्या पातळ पापुद्र्यात गुंडाळायचा. तो पापुद्रा खाता येतो. आईने कढईतला पाक चमच्यावरून पडताना बघितला आणि म्हणाली, "अजून दोन मिनिटं." आणि खरोखर दोनेक मिनिटांनीच त्यांनी उतरवला. करवंटी, काथ्या, झावळ्या, खोड, यातलं काहीही वाया जात नाही. आपल्याला यात नवल वाटायचं कारण नाही, पण तीन हजारांहून जास्त किलोमीटरवर तेच हात तेच काम करताना बघून बरं वाटतं.

आता मूळ गोष्ट. जेवायला एका घरी गेलो. मागच्या अंगणात कमरेएवढे मातीचे रांजण, आठ-दहा, ओळीने. त्यांना 'लू' म्हणतात. पावसाचं पाणी साठवायचे. बाकीचे लोक फोटो काढत पुढे गेले, आई तिथेच थांबली. तिने गाइडला मराठीतच विचारलं, "उन्हाळ्यात पाणी खारं होतं का गं?" मी इंग्रजीत सांगितलं आणि त्या मुलीचा चेहराच बदलला. तोवर ती पाठ केलेलं सांगत होती, तिथून पुढे ती आपलं सांगायला लागली.

कोरड्या महिन्यांत वरून येणारं गोडं पाणी कमी झालं की समुद्र नदीतून आत चढतो. दरवर्षीच थोडा चढतो. पण २०१६ आणि २०२० साली तो फार आत आला. २०२० च्या मार्चमध्ये पाच प्रांतांनी आणीबाणी जाहीर केली, त्यात तिचं बेन त्रे होतं. कालव्याचं पाणी शिंपलं की झाडाची पानं टोकाकडून करपायची. अंघोळ केली तरी अंग चिकट. प्यायचं पाणी विकत, होडीने यायचं. तिच्या वडिलांनी रांजण मोजून मोजून वापरले.

आई खाली वाकली, घरामागच्या कालव्यात बोट बुडवलं आणि जिभेला लावलं. मी ओरडलेच. ती शांतपणे म्हणाली, "मचूळ आहे." गाइडने विचारलं, आजी काय म्हणाल्या? ना गोडं ना खारं, त्यासाठी आमच्याकडे हा शब्द आहे म्हणून मी सांगितलं. ती म्हणाली, आमच्याकडेही आहे: 'न्वक लॉ'. मग दोघी एकमेकींचा शब्द म्हणत बसल्या. मचूळ. न्वक लॉ.

आईच्या माहेरी बांधाला खांड गेली की उधाणाचं पाणी शेतात शिरायचं, मग दोन-तीन पावसाळे जमीन धुऊन निघेपर्यंत भात नाही. उन्हाळ्यात प्यायच्या पाण्यासाठी हंडे घेऊन मैलभर चालणं. हे मी लहानपणापासून ऐकलंय आणि खरं सांगते, कंटाळून ऐकलंय. त्या अंगणात पहिल्यांदा नीट ऐकलं.

प्रश्न असतील तर विचारा. फोटो पुढच्या प्रतिसादात टाकते.

भूगोलवेडा

फार सुंदर. एक भर घालतो. आपल्याकडे कोकणात एवढ्या नद्या, मग त्रिभुज प्रदेश का नाही? सह्याद्री समुद्राला इतका लागून आहे की उल्हास, अंबा, सावित्री या नद्यांना पसरायला जागाच नाही. तीव्र उतार, छोटी लांबी, आणि मुखाशी भरती-ओहोटी जोरदार, त्यामुळे गाळ एका जागी साठत नाही. म्हणून आपल्याकडे खाड्या. गंमत म्हणजे गोदावरी त्र्यंबकेश्वरला उगम पावते, तिथून अरबी समुद्र जेमतेम ८० किलोमीटर. पण ती पाठ फिरवून १४६५ किलोमीटर चालते आणि आंध्रात त्रिभुज प्रदेश करते.

चिंचगूळ

वाचताना तोंडाला पाणी सुटलं आणि डोळ्यांतही आलं. जेवणात काय होतं ते का नाही लिहिलंत? आणि शाकाहारी लोकांचं तिथे काय होतं? सासूबाईंना न्यायचंय.

खारेपाटकरीण

चिंचगूळ, राहूनच गेलं. एक मोठा चपटा मासा अख्खा तळून, लाकडी घोडीवर उभा करून आणतात. 'हत्तीच्या कानाचा मासा' असं त्याचं नाव. खवले तसेच, कुरकुरीत. आतलं मांस काढून तांदळाच्या पापुद्र्यात पाला, काकडी, अननस घालून गुंडाळायचं आणि आंबटगोड चटणीत बुडवून खायचं. पण आईला आवडलं ते 'कान चुआ' नावाचं सार. चिंचेचं आंबट, त्यात मासा, टोमॅटो, अननस आणि अळूसारख्या झाडाचे जाड देठ. ती म्हणाली, "हे फदफद्याच्याच घरातलं." मोसमात त्यात हादग्याची फुलंही घालतात. हो, आपलाच हादगा!

शाकाहारासाठी एकच शब्द लक्षात ठेवा: 'आन चाय'. तिथले बौद्ध लोक चांद्र महिन्याच्या पहिल्या दिवशी आणि पौर्णिमेला मांस-मासे खात नाहीत, त्यामुळे 'चाय' पाटी लावलेल्या खानावळी गावोगाव सापडतात. मात्र साध्या हॉटेलात 'भाजी' म्हणून मागवलेल्या पदार्थात माशाचं आंबवलेलं पाणी, 'नुक माम', असू शकतं. आधी सांगून ठेवायचं. सहल ठरवतानाच कळवलंत तर वेगळं ताट करतात.

पाणकावळा

माझा अनुभव वेगळा, म्हणून लिहितो. आम्ही मुंबईच्या एका टूर कंपनीबरोबर गेलो होतो, ४० जण. प्रत्येक ठिकाणी वीस मिनिटं. मध चाखा, विकत घ्या. वड्या चाखा, विकत घ्या. गाणं सुरू असतानाच 'चला चला' सुरू झालं, कलाकारांकडे पाठ करून लोक उठले. मला इतकी लाज वाटली की नंतर काही बघावंसं वाटेना. बाई, तुमच्या आईंना जे दिसलं ते आम्हाला कुणीच दिसू दिलं नाही. खेड्याचं जीवन म्हणून जे दाखवतात ते खरंच तिथे कुणी जगतं का, ही शंका मनात राहिली.

खारेपाटकरीण

पाणकावळा, तुमचं दुःख समजतं. गाणं अर्धवट सोडून उठणं वाईटच. पण शंकेचं उत्तर मला त्या मावशींच्या तळहातावर मिळालं. दिवसातून अनेकदा त्या प्रवाशांना फिरवतात, हे खरं. पण वल्हं मारणं त्या सहलीसाठी शिकलेल्या नाहीत. आमचा गट बारा जणांचा होता, त्याने खूप फरक पडला. छोटा गट घ्या, आणि गाइड त्याच भागातला आहे का एवढं आधी विचारा.

दोन_रात्री_कन_थो

मी पाणकावळा यांच्याशी अर्धा सहमत. एक दिवस कमीच आहे. आम्ही कन थोला दोन रात्री राहिलो, हाऊ फाट्याच्या काठावर. पहाटे पाचला काय रांगच्या तरंगत्या बाजारात गेलो. मोठ्या होडीच्या पुढे उंच बांबू उभा करतात आणि विकायचा माल त्याला टांगतात: अननस असेल तर अननस, भोपळा असेल तर भोपळा. ओरडून इंजिनांच्या आवाजात कुणाला ऐकू जाणार, म्हणून लांबून दिसेल अशी पाटी. बांबूला झावळी टांगली असेल तर होडीच विकायला आहे.

पण खरं सांगायचं तर होड्या पूर्वीच्या मानाने फार कमी राहिल्यात. रस्ते आणि पूल झाले, माल ट्रकने जातो. मी थोहून बेन त्रेला जाणारा राक म्यू पूल २००९ साली झाला, तोवर फेरी होती. पोरं शिकून सायगावच्या कारखान्यांत गेली. होडीवर जन्मलेल्या एका आजोबांनी आम्हाला नूडल्स दिल्या. त्यांचा मुलगा आता काठावर राहतो. बाजार संपतोय याचं वाईट वाटलं, पण नातवाला शाळा मिळाली याचा आनंद त्यांच्या चेहऱ्यावर होता, तोही लिहायला हवा.

वर्सोवा_बंदर

ताई, आईंना माझा नमस्कार सांगा. होड्यांच्या नाळेवर, म्हणजे पुढच्या टोकावर, डोळे रंगवलेले बघितलेत का? लाल नाळ आणि मोठे डोळे. होडीला वाट दिसावी, पाण्यातल्या वाईटाने घाबरावं म्हणून काढतात. आम्ही नारळीपौर्णिमेला होडी रंगवतो, हार घालतो, तिला घरातल्या बाईसारखी मानतो. त्यामुळे मला ते डोळे लगेच कळले.

तिथे नदीत खांब ठोकून पिशवीसारखी जाळी लावतात, भरती-ओहोटीच्या ओढीवर मासळी आत येते. आमची डोलच! कोणत्या तिथीला ओढ जास्त, कोणत्या तिथीला कमी, हे तिथल्या कोळ्याला विचारलं तर तो चंद्रावरूनच सांगतो. आम्ही उधाण आणि भांग म्हणतो. पूर्वेच्या समुद्राकडे दिवसातून दोनदा भरती, आणि थायलंडच्या आखाताकडे बहुधा एकदाच. एकाच मुलखात दोन समुद्रांची दोन वेळापत्रकं!

शूर्पारक

इतिहासाची बाजू कुणी मांडली नाही म्हणून थोडंसं. याच त्रिभुज प्रदेशाच्या पश्चिमेला ओक एओ नावाचं प्राचीन ठिकाण आहे. १९४४ साली फ्रेंच संशोधक लुई मालेरे यांनी तिथे उत्खनन केलं. कालव्यांनी जोडलेलं शहर, आणि त्यात रोमन सम्राट अँटोनायनस पायस याच्या काळातलं सोन्याचं पदक, संस्कृत अक्षरं कोरलेल्या मुद्रा, विष्णूच्या मूर्ती. इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांत आपल्या सोपारा-कल्याणलाही तोच रोमन व्यापार चालू होता. म्हणजे एका साखळीची दोन टोकं म्हणा ना. सायगावच्या इतिहास संग्रहालयात या मूर्ती आहेत, आणि चिखलात शतकानुशतकं टिकलेल्या लाकडी बुद्धमूर्तीही. सहलीच्या आदल्या दिवशी तिथे जा, नदी वेगळी दिसेल.

उल्हासकाठ

मी कल्याणची. जलपर्णीबद्दल कुणी सांगाल का? आमच्या उल्हास नदीवर तिचा हिरवा गालिचा पसरतो आणि आम्ही फक्त चिडतो. तिकडे तिच्या टोपल्या विणतात असं ऐकलंय.

दोन_रात्री_कन_थो

हो, ताई. लांब दांडे कापून उन्हात तपकिरी होईपर्यंत वाळवतात आणि बायका घरी बसून टोपल्या, चटया विणतात. माल परदेशी जातो. पण तिथेही कालवे तुंबतातच, सगळी जलपर्णी विणून संपत नाही.

भूगोलवेडा

खारं पाणी आत का येतं यावर थोडं. समुद्राची पातळी वाढतेय हे एक कारण, पण एकमेव नाही. वरच्या देशांत नदीवर धरणं झाली, गाळ तिथेच अडतो. खाली बांधकामासाठी नदीतून वाळू उपसली, त्यामुळे पात्र खोल झालं आणि समुद्राला आत यायला वाट मिळाली. शिवाय बोअरवेलने भूजल उपसल्यामुळे जमीनच खचतेय. २०१९ सालच्या एका अभ्यासाने मोजलं की या प्रदेशाची समुद्रसपाटीपासून सरासरी उंची जेमतेम ०.८ मीटर आहे. म्हणजे टेबलाएवढी. तिथे पावणेदोन कोटींच्या आसपास लोक राहतात आणि व्हिएतनामचा निम्म्याहून जास्त तांदूळ पिकतो.

काही ठिकाणी लोकांनी खाऱ्या पाण्याशी भांडणं सोडून त्यालाच वेळ नेमून दिलीय. पावसाळ्यात गोड्या पाण्यावर भात, उन्हाळ्यात त्याच खाचरात खारं पाणी घेऊन कोळंबी.

खारेपाटकरीण

हे मी आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, आपण जिताडा मासा करायचो तसंच! खारेपाटात घराशेजारच्या तळ्यात जिताडा वाढवतात, जावई आला की काढतात. उधाणाला उघडीची दारं उघडून पिल्लं आत घ्यायची, हे तिच्या वडिलांचं काम होतं. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: उघडी म्हणजे बांधातलं लाकडी दार. ओहोटीला आतलं पाणी बाहेर सोडतं, भरतीला बाहेरचं अडवतं. बेन त्रेला तेच काम आता काँक्रीटचे मोठे दरवाजे करतात.

गोदाकाठचा_मुंबईकर

ज्यांना व्हिएतनाम जमणार नाही त्यांनी कोनसीमाला, म्हणजे आंध्रातल्या गोदावरीच्या त्रिभुज प्रदेशात जा. राजमहेंद्रीला रेल्वेने उतरायचं. दवळेश्वरमला आर्थर कॉटन यांनी बांधलेला बंधारा १८५२ साली पुरा झाला, त्याच्या कालव्यांवर नारळ, केळी, भात. तिकडे अजून कॉटनच्या पुतळ्याला हार घालतात. नाशिकची गोदावरी तिथे समुद्राला मिळताना बघून माझे वडील हात जोडून उभे राहिले होते.

चिंचगूळ

खारेपाटकरीण, एक विचारू? ती उघडी अजून आहे का? बघायला मिळेल?

खारेपाटकरीण

लाकडी नाही राहिली, आता लोखंडी आहे. बांध आहे, तळं आहे. मामा अजून भात लावतात. येत्या पौर्णिमेच्या उधाणाला आईला घेऊन जाणार आहे, रविवारच आहे. मुलुंडहून सकाळी साडेसहाला निघू, गाडीत तीन जागा आहेत. ज्यांना यायचंय त्यांनी मला कळवा. चप्पल चिखलात चालेल अशी घाला आणि प्यायचं पाणी घरून घ्या.

वर्सोवा_बंदर

एक जागा माझी. सुकट आणतो.